ऑप्शनला न टाकलेलं गणित

आनंदचा फोन आला तेव्हा मी तुरीची डाळ निवडत होते. आनंद म्हणजे विमलचा एकुलता एक मुलगा. पुण्यात असतो आणि मला मावशी म्हणतो. सकाळी सकाळी त्याचा फोन आला म्हणजे काहीतरी असणार हे कळायला हवं होतं, पण मला वाटलं, आईचा फोन लागत नसेल म्हणून मला करतोय. विमल फोन कुठंही ठेवायची आणि घरभर शोधत बसायची. तो म्हणाला, "मावशी, आई गेली... झोपेतच गेली. शेजारच्या काकू दूध द्यायला गेल्या तेव्हा समजलं. मी निघालोय, गाडीत आहे." मी म्हणाले, "बरं." एवढंच म्हणाले. फोन ठेवला, ताटातली उरलेली डाळ निवडून संपवली, डब्यात भरली आणि झाकण लावलं. मग सुनेला हाक मारून सांगितलं, विमल गेली, मी अमरावतीला जाते. ती पोर रडायला लागली. मी तिच्याकडे बघत उभी राहिले आणि माझ्या डोक्यात एवढंच आलं की आत्ता निघाले तर मूर्तिजापूरवरून जाणारी गाडी सापडेल, नाहीतर ऊन डोक्यावर येईल.

मे महिना होता. बसच्या खिडकीतून येणारा वारा तोंड भाजत होता आणि मी पदर डोक्यावर ओढून बसले होते. तिच्या घरी पोचले तेव्हा तिला पांढरी साडी नेसवलेली होती, उशाशी मेणबत्ती लावली होती आणि बायका हलक्या आवाजात त्रिशरण म्हणत होत्या. गल्लीत दोन्ही बाजूंना तिच्या क्लासची मुलं उभी होती, पाठीवरच्या बॅगा तशाच. आमची मैत्री सगळ्या गल्लीला ठाऊक होती, त्यामुळे मी आत शिरल्यावर बायका जरा सरकल्या, मला जागा दिली आणि माझ्याकडे बघू लागल्या. मी रडेन असं त्यांना वाटलं असावं. मला रडू आलं नाही. कुणीतरी पाण्याचा पेला हातात दिला, तो प्यायले. तिच्या कपाळाला हात लावला, गार लागलं, हात काढून घेतला. नंतर सगळ्यांसाठी चहाही मीच केला. दात काढायच्या आधी डॉक्टर सुई देतात ना, तसं काहीसं झालं आहे. जीभ लावून पाहावी तर जागा आहे, पण आपली वाटत नाही. काही आठवडे उलटले, हे लिहायला बसले आहे, तरी सुई उतरलेली नाही.

आमची ओळख अमरावतीला बी.एड. करताना झाली. ती परतवाड्याजवळच्या खेड्यातली, बौद्ध कुटुंबातली, घरातली पहिली पदवीधर. मी बाळापूरकडच्या शेतकऱ्याची मुलगी, आमच्याकडे कपाशी, तूर आणि भरपूर भावकी. दोघींचा विषय गणित, दोघींना होस्टेलात जागा मिळाली नाही, म्हणून आम्ही एक खोली भाड्यानं घेतली. पहिल्याच दिवशी तिनं माझी ट्रंक पलीकडे सरकवली आणि म्हणाली, "शालिनी नाव लय मोठं हाये वं. मी तुले शालूच म्हणीन." मला अजिबात आवडलं नव्हतं. पण ती ज्या सहजतेनं बोलली, त्यापुढं हट्ट करायला मला जमलं नाही आणि पुढं जन्मभर तिच्यासाठी मी शालूच राहिले.

बी.एड.ला सराव पाठ घ्यावे लागतात. कुठल्यातरी शाळेत जाऊन वर्गावर शिकवायचं, आणि आपले सर मागच्या बाकावर बसून शेरे लिहिणार. विमलच्या वाट्याला दहावीचा वर्ग आला आणि विषय होता वर्गसमीकरणं, पूर्ण वर्ग पद्धतीनं सोडवायची. मी तिला आदल्या दिवशी विचारलं, तुझं शैक्षणिक साहित्य कुठं आहे? आम्ही बाकीच्यांनी पुठ्ठ्याचे रंगीत तक्ते केले होते. ती गादीखालून एक गाठोडं काढून म्हणाली, "हे काय." आत चिंध्या होत्या. तिची आई गोधड्या शिवायची, तिच्याकडून आणलेल्या. मी कपाळावर हात मारून घेतला.

दुसऱ्या दिवशी तिनं फळ्यावर लिहिलं, एक्सचा वर्ग अधिक सहा एक्स. मग जुन्या निळ्या लुगड्याचा एक चौकोनी तुकडा टेबलावर पसरला आणि म्हणाली, हा एक्स वर्ग, याच्या चारी बाजू एक्स एवढ्या. मग लाल कापडाची एक लांब पट्टी काढली. ही सहा एक्स, लांबीला एक्स, रुंदीला सहा. "आता मले याचा एकच मोठा चौकोन करून पायजे," ती म्हणाली. पुस्तकी भाषा सोडून ती सरळ आमच्या बोलीवर आली होती. एका मुलीनं पट्टी उजवीकडे लावली. चौकोन काही होईना, आडवा आयत झाला. विमलनं कात्री घेऊन पट्टी मधून उभी कापली, तीन-तीन रुंदीच्या दोन पट्ट्या केल्या, एक उजवीकडे लावली, एक खाली. आता जवळजवळ चौकोन झाला होता, फक्त खालचा उजवा कोपरा उघडा. टेबलाचं लाकूड दिसत होतं. "केवढा तुकडा लागन?" ती म्हणाली. मागून कुणीतरी ओरडलं, तीन बाय तीन! म्हणजे नऊ. सहाचं अर्धं तीन, तिनाचा वर्ग नऊ. अर्धं का करायचं, हा प्रश्न मी शाळेत कधी विचारलाच नव्हता. दोन बाजूंना लावायचं म्हणून अर्धं, एवढी साधी गोष्ट. विमलनं हिरव्या कापडाचा तुकडा त्या कोपऱ्यात ठेवला, आणि लगेच बोट वर करून म्हणाली, "पण हे नऊ आपले नाहीत. शेजारणीकडून वाटीभर साखर आणली, तर ते वापस द्या लागते. म्हणून अधिक नऊ लिवलं का लगेच वजा नऊ लिवायचं." मुलं खुशीत होती. सरांनी मात्र पाठ झाल्यावर सगळ्यांसमोर विचारलं, "बाई, हा गणिताचा तास होता की शिवणाचा?" विमल म्हणाली, "सर, दोन्ही." तिला शेरा मिळाला, 'विषय सोडून भरकटतात.' खोलीवर आल्यावर ती पोट धरून हसली आणि मग भिंतीकडे तोंड करून झोपली. त्या संध्याकाळी ती जेवली नाही.

नोकऱ्या लागल्या, मी बाळापूरला, नंतर अकोल्याला. ती आधी परतवाड्याला, मग अमरावतीला. लग्नं झाली, मुलं झाली, तिचे मिस्टर लवकर गेले. या सगळ्यात एक भांडण मात्र आम्ही जपून ठेवलं होतं. बोर्डाच्या प्रश्नपत्रिकेत 'पुढीलपैकी कोणतेही' असं लिहिलेलं असतं. त्या शब्दाच्या भरवशावर अवघड भाग अभ्यासातूनच सोडून देण्याला आपल्याकडे 'ऑप्शनला टाकणं' म्हणतात. मी माझ्या कच्च्या मुलांना दरवर्षी सांगायचे, पूर्ण वर्ग पद्धत ऑप्शनला टाका, सूत्र पाठ करा, आकडे भरा, पास व्हा आणि सुटा. माझी मुलं पासही व्हायची. हे ऐकलं की विमलच्या नाकाला मिरच्या झोंबायच्या.

"ते सूत्र आलं कुठून, ते तरी सांगतं का लेकराईले?"

"गॅस कुठून येतो ते न विचारता आपण स्वयंपाक करतो ना?"

"आन सिलिंडर संपलं, का मंग उपाशी राह्यचं?"

तिचं म्हणणं असं की ते सूत्र म्हणजे पूर्ण वर्ग पद्धतच, कुणीतरी एकदा अक्षरं घालून करून ठेवलेली. एकदा करता आलं की पाठ करायची गरज नाही, विसरलं तरी पुन्हा करता येतं. माझं म्हणणं असं की उन्हातान्हात पाच-सहा किलोमीटर सायकल मारत येणाऱ्या पोराला पस्तीस मार्क हवे असतात, तत्त्वज्ञान नको. माझं आजही तेच म्हणणं आहे. विमल गेली म्हणून मी माझं मत बदलणार नाही, आणि बदललं असतं तर तिनंच मला वेड्यात काढलं असतं. पण एक कबूल करते, ती कुठलंच पोर सोडायची नाही. मी काही मुलांना आतल्या आत सोडून दिलेलं असायचं, सगळेच मास्तर सोडतात. ती मात्र ज्याला पाढे येत नाहीत त्यालाही चिंध्या घेऊन बसवायची.

रिटायर झाल्यावर मी नातवंडांत रमले. तिनं समोरच्या खोलीत क्लास काढला, आणि तोही कुणाचा, तर नापास झालेल्यांचा. दहावीला गणितात राहिलेली मुलं, शाळा सोडलेल्या पोरी, मधूनच एखादी लेकुरवाळी. मी म्हणाले, "विमल, आता तरी स्वस्थ बस. साखर आहे, बीपी आहे. आनंदकडे जाऊन रहा." ती म्हणाली, "पुण्यात मले कोन विचारते वं? इथं पोट्टे तरी मॅडम म्हणतात."

दर रविवारी सकाळी तिचा फोन यायचा. आधी कुणाचं लग्न ठरलं, कुणाचे गुडघे बदलले वगैरे, आणि मग, "सांग एखादं." म्हणजे वर्गसमीकरण सांग. हा खेळ गेल्या वर्ष-दीड वर्षात तिनं सुरू केला होता. मी पेपरातून किंवा नातवाच्या पुस्तकातून एखादं वाचायचे, एक्स वर्ग अधिक दहा एक्स अधिक दोन बरोबर शून्य. मी कागद शोधायला लागायचे, सूत्रात आकडे भरायचे. माझं ब्याण्णवचं वर्गमूळ अजून सुटं व्हायचं असायचं, तोवर ती पलीकडून सांगायची, "दहाचं अर्धं पाच, पंचवीस दिले, पंचवीस वापस. तेवीस राह्यले. उणे पाच, अधिक-उणे वर्गमूळ तेवीस. काय वं, झोपली का?" मला चीड यायची. म्हणायचे, तू आधीच लिहून ठेवलेलं असतं. ती नुसती हसायची. तोंडी करायला सूत्रापेक्षा तिची पद्धत सोपी पडते हे मला तेव्हा कळलं, पण मी तिला तसं कशाला सांगू?

शेवटची भेट मार्चमध्ये, माझ्या नातीच्या वाढदिवसाला. ती अकोल्याला आली होती. भाच्याची गाडी येत होती, त्यात बसून आली. जिना चढताना तिनं माझा दंड धरला, तो खोलीत बसेपर्यंत सोडला नाही. मी म्हटलं, गुडघे गेले वाटतं. "हो, गेलेच समज," ती म्हणाली. मी तिला मोबाईलवर नातीचे फोटो दाखवले. ती जरा थांबून म्हणाली, "गोड हाये." आलूबोंड्याची प्लेट पुढं केली तर तिचा हात आधी टेबलावर टेकला आणि मग प्लेटकडे गेला. मी म्हणाले, "म्हातारी झालीस." ती म्हणाली, "तू काय सोळा वर्षांची हायेस?" सगळे हसले. निघताना तिनं माझ्या चेहऱ्यावरून हात फिरवला, गालावरून, कानावरून, हनुवटीवरून. असं लाडात येणं तिच्या स्वभावातलं नव्हतं. मी तिचा हात झटकला आणि म्हणाले, "पुरे, पावडर पुसते माझी."

पुण्यानुमोदनाचा, म्हणजे गेलेल्या माणसासाठीच्या वंदनेचा, कार्यक्रम झाला. जेवणं उरकली, माणसं पांगली. आनंद घराच्या किल्ल्या हातात घेऊन माझ्याशेजारी बसला. त्याची रजा संपत आली होती. "मावशी, घराला कुलूप लावून जातो. पुढचं पुढं बघू. पण ती मुलं... त्यांची फेरपरीक्षा महिन्याभरावर आलीये. मला त्यांना सांगवत नाही. तुम्ही सांगाल का, दुसरा क्लास बघा म्हणून?" मी म्हणाले, सांगते. त्यात काय. मला काहीच वाटत नव्हतं, त्यामुळे असली कामं माझ्याकडून होण्यासारखी होती. त्यानं एक किल्ली माझ्याकडे दिली, दुसरी शेजारच्या काकूंकडे राहील असं सांगितलं आणि म्हणाला, रविवारी मुलांना बोलावतो, तुम्ही बोला, मग कुलूप लावा.

रविवारी गेले. बसमध्ये वाक्य जुळवून ठेवलं होतं. 'मुलांनो, मॅडमच्या जागी दुसरं कुणी येणार नाही, तेव्हा वेळ न घालवता तुम्ही आपापली सोय बघा.' बरं वाक्य होतं. समोरच्या खोलीत सतरंजीवर मुलं बसलेली, कूलर घरघरत होता, भिंतीवर तिचा फळा. मी उभी राहिले, घसा खाकरला, तेवढ्यात भारती उठली. ही पस्तिशीची बाई, अंगणवाडीत मदतनीस, दोन मुलांची आई. पुढं सरकायचं तर तिला आधी दहावी पास व्हावं लागणार होतं, आणि दहावीचं गणित तेवढं राहिलं होतं. दरवेळी तिथंच अडायचं. तिच्यासाठी ही परीक्षा म्हणजे काय होती, ते विमलनं मला फोनवर कितीदा तरी सांगितलं होतं.

"मॅडम," ती म्हणाली, "त्या दिवशी माहं गणित अर्धं राह्यलं होतं. तेवढं करू द्या, मंग बोला."

मी मान हलवली. ती फळ्याकडे गेली. लगेच खिडकीजवळचा एक मुलगा उठला आणि त्यानं कूलर बंद केला. मी म्हणाले, "अरे, राहू दे चालू, किती उकडतंय." त्यानं गोंधळून चालू केला. भारतीनं लिहिलं आणि लिहिता लिहिता मोठ्या आवाजात, कूलरच्या वर आवाज चढवून म्हणू लागली, "एक्स वर्ग अधिक आठ एक्स अधिक तीन बरोबर शून्य. दुसरी ओळ..." मला वाटलं बिचारी घाबरली आहे. म्हटलं, "वाचायची गरज नाही, मला दिसतंय."

ती थांबली. खडू हातात धरून तिनं बाकीच्यांकडे पाहिलं. कूलरच्या जवळचा मुलगा सतरंजीचा धागा ओढत बसला.

"काय झालं?" मी विचारलं.

"सवय पडली, मॅडम," भारती म्हणाली.

"कशाची?"

"वाचून दाखवाची. विमल मॅडमले फळा दिसत नव्हता ना."

मी म्हणाले, "चष्म्याचा नंबर वाढला होता तिचा." आनंदनं मला तसंच सांगितलं होतं. भारती हळूच म्हणाली, "नाही मॅडम. दिवाळीपासून काहीच दिसे नाही. उजेड तेवढा समजे. साखरेनं डोळे गेले. आमी ओळ वाचो, त्या आयकत. कापडाचे तुकडे हातानं पाहत, म्हणत, तुया कोपरा मोठा झाला, पट्टी नीट काप."

मी फळ्याकडे बघत होते. एक्स वर्ग अधिक आठ एक्स. मी विचारलं, "मला कुणी का नाही सांगितलं?" माझा आवाज चढला असावा, कारण पोरं सावरून बसली. भारती खडूकडे बघत म्हणाली, "त्याईनंच सांगतलं होतं, शालूले सांगू नका. ती मले ऑप्शनले टाकीन."

मागं कुणीतरी फिसकन हसलं आणि गप्प झालं. मी पाणी प्यायला म्हणून आत गेले. याच स्वयंपाकघरात मी त्या दिवशी पन्नास माणसांचा चहा केला होता. आता बघितलं, मिठाच्या बरणीला एक रबर लावलेलं, साखरेच्या बरणीला दोन, चहाच्या डब्याला जाडजूड दोरा. गॅसच्या बटणावर नेलपॉलिशचा टणक ठिपका, बोटाला लागेल असा. त्या दिवशी हे सगळं माझ्या हाताखालून गेलं होतं आणि मी त्यातलं काही पाहिलं नव्हतं. ओट्याला टेकून मी आनंदला फोन लावला. भारतीनं सांगितलेलं त्याला सांगितलं. तो म्हणाला, "थोडं माहीत होतं मावशी... डॉक्टरांनी डोळ्यांत इंजेक्शनं सांगितली होती. आई म्हणायची, बरं आहे आता. इतकं नव्हतं माहीत."

मला राग आला. गेलेल्या माणसाचा इतका राग येतो हे मला माहीत नव्हतं. इतक्या रविवारी माझ्याशी बोलली, माझ्याकडून गणितं वाचून घेतली, मला हसली, आणि एक शब्द बोलली नाही. आणि त्याहून वाईट म्हणजे तिचं बरोबर होतं. मला कळलं असतं तर मी त्याच दिवशी अमरावती गाठली असती, आनंदला बोलावून घेतलं असतं, क्लास बंद केला असता, तिची बॅग भरून तिला गाडीत बसवलं असतं. तिच्या भल्यासाठीच. तेच करायला हवं होतं असं मला अजूनही वाटतं. त्या बरण्यांकडे बघत मी हे सगळं मनात तिच्याशी भांडले, अगदी जोरात भांडले, आणि नेहमी यायचं तसं पलीकडून उत्तर येईना तेव्हा थांबले.

बाहेर आले तर भारती फळ्याशीच उभी होती. मी नव्हते तेवढ्यात तिनं पुढची ओळ लिहिली होती. आठाचं अर्धं चार, चाराचा वर्ग सोळा. एक्स वर्ग अधिक आठ एक्स अधिक सोळा अधिक तीन बरोबर शून्य. सोळा दिले होते, परत घेतले नव्हते. चूक मला दारातूनच दिसली. जन्मभर मी अशा वेळी पोराचा खडू थांबायच्या आत 'चूक!' म्हणून ओरडत आले आहे. त्या दिवशीही तोंड उघडलं, पण घशातून आवाजच फुटेना. मी नुसती उभी राहिले. मुलांना वाटलं, मी मुद्दाम थांबले आहे. विमल तसंच करायची म्हणे, चुकीची ओळ ऐकली की काही न बोलता बसून राहायची, पोराला आपलं आपण ऐकू येईपर्यंत. मला तेव्हा यातलं काही ठाऊक नव्हतं. मला फक्त बोलता येत नव्हतं. भारतीनं माझ्याकडे पाहिलं, मग फळ्याकडे पाहिलं, ओठ हलवत ओळ पुन्हा मनाशी म्हटली, आणि एकदम कपाळावर हात मारला. "मॅडम, सोळा वापस द्याचे राह्यले."

"दे मग," मी म्हणाले. ते कुणाला ऐकू गेलं की नाही कोण जाणे.

तिनं वजा सोळा लिहिलं. कंसात एक्स अधिक चार, त्याचा वर्ग, बरोबर तेरा. मग मुलं माझ्याकडे तोंड करून बसली, कारण मी काहीतरी सांगायला आले होते हे त्यांना आनंदनं कळवलं होतं. भारती म्हणाली, "बोला मॅडम." बसमध्ये जुळवलेलं वाक्य माझ्याजवळ तयार होतं, शब्द न शब्द. मी ते बोलले नाही. मी म्हणाले, "बुधवारी येते. परीक्षा होईपर्यंत येईन." मोठा उत्साह वाटून म्हणाले असं नाही. दुसरं काही बोलता आलं नाही म्हणून म्हणाले. आनंदला कळवलं की कुलूप परीक्षेनंतर.

बुधवारी गेले. काकूंकडून किल्ली घेऊन मुलांनी आधीच दार उघडलं होतं, खोली झाडलेली होती, माझ्यासाठी तांब्या भरून ठेवलेला होता. नव्या मॅडमला उकडू नये म्हणून मुलांनी कूलर पूर्ण वेगावर सोडला होता. मला डोळे आहेत, वाचून दाखवायची गरज नाही, हे त्यांच्या आता नीट लक्षात आलं होतं. भारती उठली, फळ्याशी गेली आणि मुकाट्यानं नवं समीकरण लिहू लागली. खडूची बारीक करकर आणि कूलरची घरघर, एवढाच आवाज. सगळं मला स्वच्छ दिसत होतं, आकडा न आकडा.

मग म्हणाले, "कूलर बंद करा रे कोणी. आन भारती, तू मोठ्यानं वाच. मले आयकू येऊन नाही राह्यलं."